टेन्शन, भीती आणि फिट

फिट येणाऱ्या माणसाला डॉक्टरांकडे नेलं की गोळ्यांच्या चिठ्ठीसोबत सल्लाही हमखास मिळतो: जागरण करू नका, उपाशी राहू नका, टेन्शन घेऊ नका. पहिल्या दोन गोष्टी निदान करता तरी येतात. तिसरीचं नेमकं काय करायचं, हे सल्ला देणाऱ्यालाही ठाऊक नसतं. घरी तेच वाक्य उलटं फिरतं. पुन्हा फिट आली की ‘तू उगाच विचार करत बसतेस, म्हणून होतं हे’ असं ऐकून घ्यावं लागतं, आणि आजाराचं खापर आजाऱ्याच्या स्वभावावर फुटतं. ताण, चिंता आणि अपस्मार यांचा संबंध आहे यात आता वाद उरलेला नाही. पण आपल्याकडे तो सांगितला जातो एकाच बाजूने, ताणामुळे फिट येते एवढाच. फिटच्या आजारात चिंता कुठून शिरते आणि तिच्यावर काय करता येतं, ही दुसरी बाजू ओपीडीत क्वचितच निघते. माझ्या मते उपचाराला खरा वाव तिथेच आहे.

विषय थोड्याथोडक्यांचा नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगात सुमारे 5 कोटी लोकांना अपस्मार आहे, आणि त्यांतले जवळपास 80 टक्के लोक गरीब आणि मध्यम उत्पन्नाच्या देशांत राहतात. भारतातला आकडा 1 कोटीच्या वर धरला जातो. योग्य निदान आणि औषधं मिळाली तर 70 टक्क्यांपर्यंत रुग्ण फिटविना जगू शकतात, असंही हीच संघटना सांगते. मात्र हा सगळा हिशेब फिट येण्या-न येण्यापुरता आहे. दोन फिट्सच्या मधले महिने कसे जातात, ते त्यात मोजलेलं नाही.

जुन्या वैद्यांना मन आणि फिट यांची गाठ ठाऊक होती. चरकसंहितेत अपस्माराच्या कारणांमध्ये भय, शोक, चिंता, क्रोध आणि उद्वेग यांनी मन घेरलं जाणं येतं. ग्रीसमध्ये हिप्पोक्रेटिसच्या नावावर असलेल्या, इसवी सनापूर्वी 400 च्या आसपासच्या ग्रंथाने या आजारातला देवाचा कोप काढून टाकला आणि मेंदूकडे बोट दाखवलं. एकोणिसाव्या शतकात इंग्लंडच्या ह्यूलिंग्ज जॅक्सनने फिट म्हणजे मेंदूतल्या पेशींचा अचानक झालेला अतिरेकी विसर्ग, अशी मांडणी केली. 1929 मध्ये जर्मनीच्या हान्स बर्गरने माणसाच्या मेंदूचा विद्युत आलेख प्रसिद्ध केला. 1912 मध्ये फिनोबार्बिटोन आणि 1938 मध्ये फेनिटॉइन उपचारात आलं. आजार मेंदूचा ठरला, गोळीने आटोक्यात येऊ लागला, हे उत्तमच झालं. पण त्या गडबडीत मन न्यूरॉलॉजीच्या दाराबाहेर राहिलं. फिट न्यूरॉलॉजिस्टने बघायची आणि काळजी मानसोपचारतज्ज्ञाने, अशी वाटणी झाली. आपल्याकडे तर दुसऱ्या दारात पाऊल ठेवायचीच लाज, त्यामुळे वाटणीतला अर्धा भाग बेवारस पडला.

‘तुमच्या फिटला निमित्त काय होतं?’ असं रुग्णांना विचारलं की देशोदेशी पहिलं उत्तर ताण हेच येतं. अपुरी झोप आणि थकवा त्याच्या मागोमाग. पण अशा उत्तरांवर फार भिस्त ठेवता येत नाही. अचानक काही वाईट घडलं की माणूस मागे वळून कारण शोधतो, आणि आठवडाभरात कटकटीचं काहीच घडलं नाही असं घर मिळायचं कुठे? म्हणून संशोधक अशा घटनांच्या मागावर राहिले, जिथे ताण सगळ्यांवर एकदमच कोसळला. 1995 च्या सुरुवातीला नेदरलंड्समध्ये नद्या फुगल्या आणि बांध फुटण्याच्या भीतीने सुमारे अडीच लाख लोकांना घरं सोडावी लागली. त्यांतल्या अपस्माराच्या रुग्णांची तुलना घरीच राहिलेल्या रुग्णांशी केली, तेव्हा हलवलेल्यांमध्ये फिट वाढलेले लोक जास्त निघाले. क्रोएशियातल्या युद्धाच्या काळात लढाईच्या टापूतल्या मुलांबाबत असंच दिसलं. 2011 च्या भूकंप आणि त्सुनामीनंतर जपानच्या केसेन्नुमा शहरातल्या इस्पितळात फिटचे रुग्ण वाढले.

हे पुरावे वजनदार आहेत, पण निर्भेळ नाहीत. पुरात गोळ्यांची पाकिटं वाहून जातात. छावणीत झोप लागत नाही, जेवणाची वेळ राहत नाही. यात ताणाचा वाटा किती आणि बुडलेल्या गोळीचा किती, हे वेगळं काढणं कठीण आहे. म्हणून न्यूयॉर्कमध्ये शेरिल हॉट आणि सहकाऱ्यांनी दुसरी वाट धरली. रुग्णांना रोजनिशी लिहायला दिली: झोप किती झाली, ताण किती वाटला, मन कसं होतं. फिट आल्यावर मागचं आठवायचं नव्हतं, नोंद आधीच झालेली होती. 2007 मध्ये प्रसिद्ध झालेल्या या कामात ताण, चिंता आणि कमी झोप यांचा पुढच्या फिटशी संबंध दिसला.

इथेही एक पेच आहे. मेंदूत बसवलेल्या यंत्रांनी वर्षानुवर्षं नोंद ठेवल्यावर कळलं की अनेक रुग्णांमध्ये फिटचा धोका ठरावीक दिवसांच्या चक्रात चढतो आणि उतरतो. मॅक्सिम बो आणि सहकाऱ्यांनी 2018 मध्ये हे मांडलं. मग ‘दोन दिवस जीव थाऱ्यावर नव्हता, तिसऱ्या दिवशी फिट आली’ असं जो सांगतो, त्याची ती बेचैनी फिटचं कारण होती की चढत्या धोक्याचाच भाग होती? दोन्ही शक्यता खऱ्या आहेत, आणि एकाच माणसात दोन्ही नांदू शकतात. ‘टेन्शन घेतलंस म्हणून झालं’ असं छातीठोकपणे सांगण्याइतकं कुणालाच कळलेलं नाही.

शिवाय ताण एकटा येत नाही, झोप आणि गोळी यांच्या आडून काम करतो. दहावी-बारावीच्या वयात सुरू होणारा एक अपस्मार आहे, ज्युव्हेनाइल मायोक्लोनिक एपिलेप्सी. यात सकाळी उठल्यावर तासाभरात हातांना बारीक झटके बसतात. चहाचा कप हातातून उडतो, कंगवा पडतो, दात घासताना ब्रश निसटतो. घरचे धांदरट म्हणून सोडून देतात आणि मूल स्वतःही सांगत नाही, कारण त्याला त्यात सांगण्यासारखं काही वाटत नाही. मग पेपरच्या आदल्या रात्री तीन वाजेपर्यंत जागून सहाला उठलेला तो मुलगा मोरीपाशी कोसळतो आणि पहिल्यांदा मोठी फिट येते. आख्खं घर म्हणतं, परीक्षेचं टेन्शन. प्रत्यक्षात जागरण आणि सकाळची वेळ या दोघांनी मिळून घात केलेला असतो. परीक्षेचं ओझं खरंच असतं, पण ते झोपेच्या वाटेने मेंदूपर्यंत पोचतं. उपचाराच्या दृष्टीने हा फरक मोठा आहे, कारण काळजी करू नकोस म्हणून काळजी थांबत नाही, पण अकराला दिवा बंद करता येतो.

भरभर श्वास घेण्याचंही असंच. लहान मुलांना शाळेत काही सेकंद हरवल्यासारखं होतं, हाक मारली तरी ओ देत नाहीत, त्याला ॲब्सेन्स म्हणतात. ईईजी काढताना मुलाला तीन मिनिटं खोल श्वास घ्यायला लावतात, लहान असेल तर कागदी भिंगरी फुंकायला देतात, आणि बऱ्याचदा तिथेच, तंत्रज्ञासमोर, ते हरवणं घडतं. घाबरलेलं मूलही तसाच जोरजोरात श्वास घेत असतं.

शरीराच्या आत काय चालतं, याचं उत्तर सरळ नाही. ताणात मेंदूतून सीआरएच हे संप्रेरक सुटतं, पुढे मूत्रपिंडांवरच्या ग्रंथींतून कॉर्टिसॉल. ही दोन्ही मेंदूच्या पेशींना उत्तेजित ठेवणारी, विशेषतः भीती आणि स्मृती सांभाळणाऱ्या अमिग्डाला आणि हिप्पोकॅम्पस या भागांत. आणि मोठ्यांमधल्या पुष्कळ फिट्स नेमक्या याच परिसरात उगम पावतात. पण त्याच ताणात शरीर ॲलोप्रेग्नॅनोलोनसारखी काही द्रव्यंही बनवतं, आणि ती मेंदूच्या ‘गाबा’ या शामक यंत्रणेला हातभार लावतात. म्हणजे थोड्या वेळाचा ताण फिट रोखूही शकतो, महिनोन्‌महिने रेंगाळणारा ताण मात्र ही शामक बाजू दुबळी करतो. काही बायकांना पाळीच्या तोंडावर फिट वाढतात, त्याचं एक कारण म्हणजे तेव्हा प्रोजेस्टेरॉन उतरतं आणि त्याच्यापासून बनणारं हे द्रव्यही कमी होतं. गंमत अशी, की तान्ह्या बाळांच्या एका वाईट अपस्मारावर, वेस्ट सिंड्रोमवर, एसीटीएचची इंजेक्शनं देतात. आणि एसीटीएच म्हणजे ताणात शरीर स्वतःच सोडतं तेच संप्रेरक. ताण वाईट आणि शांती चांगली, एवढ्या साध्या हिशेबात हे बसत नाही.

आता दुसरी बाजू. 2017 मध्ये वेगवेगळ्या देशांतले अभ्यास एकत्र करून केलेल्या पाहणीत अपस्माराच्या रुग्णांपैकी सुमारे 20 टक्क्यांना चिंताविकार आणि सुमारे 23 टक्क्यांना नैराश्य आढळलं. म्हणजे ओपीडीच्या बाकावर बसलेल्या दर पाचांत एक. गोळ्यांना दाद न देणाऱ्या अपस्मारात तर रुग्णाचं आयुष्य किती बरं-वाईट चाललंय हे महिन्याला किती फिट येतात यापेक्षा नैराश्य आणि चिंता किती आहे यावर जास्त ठरतं, असं एकाहून अधिक अभ्यासांत दिसलं आहे. अमेरिकेतल्या डेल हेस्डॉर्फर यांनी याला आणखी एक पदर जोडला. आइसलँडमध्ये त्यांना आढळलं की ज्यांना आधी तीव्र नैराश्य येऊन गेलं किंवा ज्यांनी आत्महत्येचा प्रयत्न केला, त्यांना पुढे फिट सुरू होण्याचा धोका इतरांहून जास्त होता. नंतर ब्रिटनमधल्या नोंदींत चिंताविकाराबाबतही तसंच दिसलं: अपस्माराचं निदान होण्याच्या आधीपासूनच प्रमाण वाढलेलं. काळजी करून करून फिट लागते, असा याचा अर्थ नव्हे. मेंदूतला एखादा बिघाड आधी मनाच्या अंगाने दिसतो आणि मग फिटच्या, असा अर्थ जास्त संभवतो. म्हणजे ‘आजार झाला म्हणून बिचारी काळजी करते’ ही समजूत अपुरी आहे. काळजी काही वेळा आजाराचाच तुकडा असते.

सगळ्यांत फसवी असते ती फिटमधली भीती. टेम्पोरल लोबमधून, म्हणजे कानशिलाच्या आतल्या भागातून, निघणाऱ्या फिटमध्ये काहींना पोटातून काहीतरी वर चढल्यासारखं होतं आणि कसलंही निमित्त नसताना जबरदस्त भीती दाटते. ती अर्ध्या ते दोन मिनिटांत ओसरते. दर वेळी साच्यातून काढल्यासारखी तशीच. जोडीला ओठ चाटणं, गिळत राहणं, पदराशी किंवा शर्टाच्या बटणाशी चाळा. नंतर थोडा वेळ भ्रमिष्टासारखं. पॅनिक अटॅक मिनिटामिनिटाने चढतो, बराच वेळ टिकतो, आणि त्यातला क्षण न्‌ क्षण माणसाला आठवतो. वाचताना फरक स्पष्ट वाटतो, पण दवाखान्यात रुग्ण फक्त ‘एकदम घाबरायला होतं’ एवढंच म्हणतो आणि वर्षानुवर्षं चिंतेच्या गोळ्या खात राहतो. अशा वेळी नातेवाइकाने मोबाइलवर काढलेला एक मिनिटाचा व्हिडिओ पानभर वर्णनापेक्षा उपयोगी पडतो.

फिट नसतानाची भीती वेगळी. ती पुढच्या फिटची असते. फिट वर्षातून दोनदाच येत असेल, पण कधी ते माहीत नाही, त्यामुळे उरलेले दिवसही तिच्याच ताब्यात. आणि ही भीती एकट्या रुग्णाची राहत नाही. न्हाणीघराची कडी लावायची नाही, गॅसपाशी एकटीने उभं राहायचं नाही, लोकलच्या दारात थांबायचं नाही, सहलीला जायचं नाही. यातले काही नियम गरजेचेच आहेत. बादलीभर पाण्यातही जीव जाऊ शकतो, त्यामुळे कडीचा नियम मीही मोडायला सांगणार नाही. पण सहलीचा? कॉलेजचा? आईच्या धास्तीने आखलेलं कुंपण मुलीच्या मनात उतरतं आणि पाच वर्षं फिट न येताही निघत नाही. जॉन्टी ऱ्होड्स आणि टोनी ग्रेग यांना अपस्मार होता, हे आपल्या क्रिकेटवेड्या घरांतही फारसं कुणाला ठाऊक नसतं.

लग्नाचा विषय निघाला की ही धास्ती कळसाला पोचते. हिंदू विवाह कायद्यात 1976 च्या दुरुस्तीपासून वेडाच्या वारंवार येणाऱ्या झटक्यांसोबत अपस्मारही लग्नाला आडवा येणाऱ्या अटींत होता. तो शब्द 1999 च्या दुरुस्तीने काढून टाकला. कायदा बदलून पंचवीस वर्षं उलटली, तरी ‘मुलीला फिट येतात हे सांगायचं की लपवायचं’ हा प्रश्न प्रत्येक घर नव्याने सोडवत बसतं. केरळमधल्या श्रीचित्रा संस्थेने 2007 मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीत, लग्नाआधीपासून अपस्मार असलेल्या बायकांपैकी अर्ध्याहून अधिक जणींनी तो सासरी लपवला होता. लपवणारीला गोळीही लपवावी लागते. ती पाकीट माहेरच्या पिशवीत तळाशी ठेवते, पाहुणे आले की डोस चुकतो, डोस चुकला की फिट येते, आणि मग घरी शोध लागतो तो ‘लग्नाचा ताण सोसला नाही’ असा. पुण्यात यशोदा वाकणकर यांनी उभ्या केलेल्या संवेदना फाउंडेशनने स्वमदत गटासोबत अपस्मार असलेल्यांच्या लग्नाच्या प्रश्नातही हात घातला, तो याचसाठी. ज्या गोष्टी बोलायच्याच नाहीत असं ठरलेलं असतं, त्या तिथे आधीच बोललेल्या असतात.

आणि एक मोठा गट असा, ज्यांना येते ती फिट दिसायला फिटच असते, पण मेंदूच्या विद्युत आलेखात काहीही उमटत नाही. पूर्वी हिस्टेरिया म्हणत, आता फंक्शनल सीझर म्हणतात. व्हिडिओ-ईईजीसाठी मोठ्या केंद्रांत पाठवलेल्या रुग्णांत असे साधारण पाचांत एक किंवा त्याहून जास्तच निघतात, आणि योग्य निदान व्हायला सरासरी कितीतरी वर्षं जातात. जर्मनीतल्या 2002 च्या एका अभ्यासात ही सरासरी सात वर्षांची निघाली. तोवर अपस्माराच्या गोळ्या एकावर एक चढवल्या जातात. झटका येताना डोळे घट्ट मिटलेले असणं, झटके कमी-जास्त होत पाच-दहा मिनिटं चालणं, मान इकडून तिकडे हलत राहणं यावरून शंका घ्यावी. जिभेची कड चावली गेली असेल तर बहुधा अपस्मारच. तरी नुसत्या नजरेने निकाल देऊ नये, कारण काहींना दोन्ही असतात. इथे ताणाचा, जुन्या आघाताचा, कधी बालपणीच्या अत्याचाराचा संबंध खरोखर जवळचा आहे. पण हे ढोंग नाही. रुग्णाला ते मुद्दाम करता येत नाही आणि थांबवताही येत नाही. ‘नाटक करते’ म्हणणारा नातेवाईक आणि ‘काही नाही झालेलं, घरी जा’ म्हणणारा डॉक्टर हे दोघे मिळून तिला तिसऱ्या माणसाकडे, देवऋषाकडे, पाठवतात. महाराष्ट्राच्या 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्यात भूत उतरवण्याच्या नावाखाली मारणं, मिरचीची धुरी देणं, चपला भिजवलेलं पाणी पाजणं हे सगळं गुन्ह्यांच्या यादीत आहे. ती यादी कुणाच्या कल्पनेतून आलेली नाही.

उपाय काय? आधी गोळ्याच तपासाव्यात. लेव्हेटिरॅसिटाम हे आज सर्रास दिलं जाणारं औषध फिटवर चांगलं, पण काहींना त्याने चिडचिड, अस्वस्थता, रडू येणं सुरू होतं. घरचे म्हणतात स्वभाव बदलला. खरं तर महिन्यापूर्वी गोळी बदललेली असते. उलट प्रीगॅबॅलिन चिंतेवरही चालतं. क्लोबाझाम आणि क्लोनाझेपाम फिट आणि भीती दोन्ही शमवतात, पण सवय लागते आणि मनाने एकदम बंद केल्या तर फिटचा उद्रेक होऊ शकतो. नैराश्याच्या गोळ्यांनी फिट वाढतात ही भीती डॉक्टरांमध्येही खोल रुजलेली आहे. ब्युप्रोपिऑन आणि क्लोमिप्रामिनबाबत ती रास्तच, पण सर्ट्रालिन किंवा एस्सिटॅलोप्रामसारख्या नेहमीच्या औषधांबाबत तिला फारसा आधार नाही. या एका गैरसमजापायी किती माणसं विनाउपचार राहिली असतील याचा हिशेब कुणी ठेवलेला नाही.

ताण कमी करून फिट कमी होतात का, हा प्रश्न अखेर 2018 मध्ये अमेरिकेत नीट तपासला गेला. एका गटाला स्नायू क्रमाने सैल सोडण्याचा सराव शिकवला, दुसऱ्याला तुलनेसाठी लक्ष एकाग्र करण्याचा साधा व्यायाम. बारा आठवड्यांनी पहिल्या गटाच्या फिट्स सुमारे 29 टक्क्यांनी कमी झाल्या. दुसऱ्याच्याही 25 टक्क्यांनी. ज्यांना हवं ते याला यश म्हणतील, ज्यांना हवं ते अपयश. मला त्यात असं दिसतं की रोज दोनदा ठरल्या वेळी शांत बसणं आणि कुणीतरी आपली नीट विचारपूस करणं, यातच बराचसा गुण आहे. फंक्शनल सीझरवर ब्रिटनमध्ये 368 रुग्णांवर मानसोपचाराची मोठी चाचणी झाली. 2020 मध्ये निकाल आला, तेव्हा महिन्याच्या फिट्सचा आकडा दोन गटांत लक्षणीय वेगळा नव्हता, पण रोजचं जगणं आणि मनाचा त्रास मानसोपचार घेतलेल्यांत सुधारला होता. दिल्लीच्या एम्समध्ये 160 रुग्णांवरच्या चाचणीत खरा योग आणि योगासारखे दिसणारे व्यायाम यांची तुलना केली. 2023 मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांत योग करणाऱ्यांना वाटणारा कलंक कमी झाला आणि फिट्सही घटल्या. योग म्हटलं की आपल्याकडे लगेच गोळ्या सोडण्याची भाषा सुरू होते, म्हणून मुद्दाम सांगतो: त्या चाचणीतल्या लोकांनी गोळ्या सोडलेल्या नव्हत्या.

एवढं सगळं ओपीडीत आणायला फार काही लागत नाही. अपस्मारातलं नैराश्य हेरायला सहा प्रश्नांची एक प्रश्नावली आहे, चिंतेसाठी सात प्रश्नांची दुसरी. तेरा प्रश्न केसपेपरच्या रांगेत उभ्या उभ्या भरून होतात. वाचता येत नसेल त्याला नर्सने किंवा आशाताईने विचारले तरी चालतात. उत्तरं काळजीची निघाली, तर जिथे मानसोपचारतज्ज्ञ नाही तिथे न्यूरॉलॉजिस्टने किंवा फिजिशियनने स्वतःच लहान डोसची गोळी सुरू करायला हरकत नसावी, आणि मरणाचे विचार येतात असं उत्तर आलं तर रुग्णाला त्याच दिवशी, सोबत माणूस देऊन, पुढे पाठवावं. रात्री-अपरात्री घरी बसून बोलायचं असेल, तर केंद्र सरकारची टेलिमानस सेवा 14416 या क्रमांकावर 2022 पासून चोवीस तास चालू आहे, मराठीतही.